इसाक सारंग आला

निकाह जुम्याला ठरलेला, आणि बुधवारी तिन्हीसांजेला मेलेला माणूस जिवंत झाला. आमच्या घराण्यात एक गोष्ट सरळ पार पडेल तर शपथ!

गुरुवारी सकाळी नझीर राजिवड्यात आला तेव्हा आमच्या ओटीवरच्या वेताच्या खुर्चीत एक दाढीवाला परका माणूस बसला होता आणि अर्धा मोहल्ला त्याच्या पायाशी. नझीर पायरीजवळच थबकला. तो या घरात परका नव्हता. हमिदाच्या सख्ख्या बहिणीचा मुलगा, बंदरावर पडावांचा, म्हणजे उतारूंना बोटीपर्यंत नेणाऱ्या होड्यांचा, मुकादम, बायको पहिल्याच बाळंतपणात गेलेली. या घरचा थोरला मुलगा कमाल त्याचा लंगोटीयार. त्याच कमालच्या विधवेशी, हफीजाशी, उद्या त्याचा निकाह लागायचा होता. आणि आज त्याला कुणी बस म्हणेना.

कमालचा धाकटा भाऊ फारुक लगबगीनं खाली उतरला आणि त्याचा दंड धरून त्याला माडाच्या आडोशाला घेऊन गेला. फारुक मुंबईच्या गोदीत कामाला, निकाहासाठी रजा काढून आलेला.

"ओळखलास का त्याला? इसाक सारंग हाय तो! नझीर, भाय जिवंत हाय."

"कोण भाय?"

"कोण म्हणून काय विचारतोस मेल्या? कमालभाय!"

इसाक सारंग हे नाव त्या काळी किनाऱ्यावर कुणाला ठाऊक नव्हतं? लढाईत कोळशाची मोठी बोट बुडाली. खलाशी सगळे कोकणातले, कमालही त्यांत. एकटा त्यांचा म्होरक्या, इसाक सारंग, तराफ्यावर तरंगत जिवंत राहिला. सरकारनं त्याला बिल्ला दिला, पेपरात त्याचा फोटो आला. त्या फोटोत नुसती दाढी आणि काळा डाग दिसायचा, ही गोष्ट वेगळी. बायकांनी त्याच्यावर गाणं रचलं आणि ते मंडणगडापासून पूर्णगडापर्यंत लग्नाघरी ढोलकीवर म्हटलं जाऊ लागलं. पण खरा इसाक कुणाला कधी भेटला नाही. कमालचे वडील त्याला शोधत मुंबईला दोनदा जाऊन आले, दोन्ही वेळा तो बोटीवर निघून गेलेला. त्या ध्यासातच ते वारले.

"झांजिबारच्या इस्पितळात हाय भाय," फारुक सांगत होता. त्याचे डोळे लाल झाले होते. "रात्रीचा तराफ्यावरून पडला, अरबांच्या गलबतान उचललान. डोक्याला मार लागलाय, कुणाला वळखत नाय. सारंगान गेल्या साली त्याला डोळ्यान बघितलान."

"गेल्या साली बघितलान, तर सांगायला आता आला?"

"बोटीवरचा माणूस तो. सुट्टी मिळेल तवा येणार ना!"

नझीर माडाला टेकून उभा राहिला. मग हळूच म्हणाला, "फारुक, मुंबईला आपले खलाशी उतरतात त्या जमातीच्या खोलीवर तार करू. इसाकला वळखणारा कुणीतरी असेलच तिथं. नुसता विचारू."

फारुकनं त्याचा दंड सोडला.

"मेहमान हाय तो. आपल्या घरचा मीठ खातोय. त्याच्या पाठीमागं चौकशी करायची? अशी आपली रीत हाय?" आणि मग जे बोलायला नको होतं ते बोललाच. "तुला घाई कसली ती समजते हां मला."

झालं. नझीर तसाच वहाणा घालून निघाला आणि तारऑफिसच्या दारापर्यंत गेला. तिथून परत फिरला. तार केली आणि उत्तर आलं की हा माणूस खोटा, तर सगळं गाव काय म्हणणार होतं? निकाह लावायला नझीरनं दोस्ताला दुसऱ्यांदा मारला. तो दिवसभर बंदरावर उगाच माणसांवर खेकसत राहिला.

आता हमिदाबद्दल सांगते. हमिदा म्हणजे माझी पणजी, कमालची आई. पणजीला नावानं संबोधायचं म्हणजे जरा आगाऊपणाच, पण त्या दिवसांत ती जे वागली ते काही पणजीसारखं वागली नाही.

बुधवारी संध्याकाळी त्या माणसानं ओटीवर बसून सगळी हकिगत सांगितली तेव्हा बाया माजघराच्या पडद्याआड दाटीवाटीनं बसल्या होत्या. हफीजा भिंतीला टेकून, तिच्या मांडीवर डोकं ठेवून माझी आई रझिया, आणि सर्वांत पुढं हमिदा. माणूस बोलायचा छान. घाई नाही, बडेजाव नाही. मध्येच थांबायचा, गिळायचा, मग पुढं. बोट कशी फुटली, पाणी कसं तेलानं काळं झालं, तराफ्यावर ते दोघे कसे उरले.

"कमालच्या कमरेला रुमाल होता," तो म्हणाला. "हिरवा. आईन दिलेला. मला बोल्ला, सारंग, हा काठीला बांधू या, कुणाच्या नजरेत येईल. बांधला आम्ही. तो फडफडायचा आणि त्याच्याकडं बघून हा पोर रडायचा. बोलायचा, माझी आयस वाट बघते."

पडद्याआड हुंदके फुटले. फारुक गुडघ्यात तोंड खुपसून रडला. रुमालाची गोष्ट सगळ्यांना तोंडपाठ होती, आणि आता ती खुद्द सारंगाच्या तोंडून आली होती. याहून मोठी खूण ती कोणती?

फक्त हमिदा रडली नाही.

कारण रुमाल नव्हताच. तो हमिदानं गाण्यात घातला होता. सगळ्या किनाऱ्यावर लग्नाची गाणी म्हणायला हमिदाला बोलावणं असायचं. बातमी आल्यानंतरच्या वर्षी एका लग्नात इसाक सारंगाचं गाणं चाललं असताना तिनं आपल्या पदरची दोन ओळी जोडल्या:

काठीला बांधलान गो हिरवा रुमाल,
आयशीची याद काढी माझा कमाल.

कमालशी जुळेल असा शब्द पाहिजे होता, आणि दुसरं असं की आपलं काहीतरी पोराजवळ होतं असं तिला वाटायला हवं होतं. प्रत्यक्षात ती बंदरावर रिकाम्या हातानं गेली होती. हे एकट्या तिला ठाऊक. बाकीच्यांनी गाणं ऐकलं, म्हटलं, आणि खरं धरून चालले.

तेव्हा हमिदाला कळलं. तिथंच कळलं, यात काही शंका नाही. हा माणूस कुठल्यातरी लग्नाच्या मांडवात बसला असणार, तिचंच गाणं ऐकून राजिवड्याची वाट विचारत आला असणार. तिनं तोंड उघडलं असतं तर दोन मिनिटांत त्याला बंदराच्या वाटेला लावता आलं असतं.

तिनं तोंड उघडलं नाही. इतकी वर्षं कमालबद्दल लोक 'होता' म्हणत आले. आणि हा माणूस म्हणत होता, कमाल हल्ली बारीक झालाय, कमालला भात आवडत नाही, कमाल झोपेत कुशीवर वळतो. हमिदाला ते ऐकायचं होतं. खोटं आहे हे ठाऊक असून ऐकायचं होतं. आणि खरं सांगायचं तर दुसरंही एक होतं. जुम्याला हफीजा नझीरच्या घरी जाणार, रझियाला घेऊन. फारुक मुंबईला परतणार. मग या घरात भाकरी कुणासाठी थापायची? काझींनी हफीजाला केव्हाच मोकळीक दिली होती, हमिदानंही तोंडानं हो म्हटलं होतं, पण पोटातून तिला तो निकाह नकोच होता.

गुरुवारी सकाळी पाहुण्याला न्याहारी गेली. घावन आणि नारळाचा रस. हमिदानं स्वतःच्या हातानं वाढून पाठवली.

दुपारी हफीजा विहिरीवरून आली आणि घागर न उतरवताच सासूसमोर उभी राहिली.

"मा, एक विचारू? रागवू नका."

"विचार गो."

"त्यांची पेटी मी भरली होती. कपडा न् कपडा मी घातला होता. रुमाल नव्हता त्यात. गाण्यात ऐकायची तवा वाटायचा, असेल. आज मात्र खरा सांगा. तुमी दिलात?"

हमिदा मासळी साफ करत होती. तिनं मान वर केली नाही.

"बंदरावर दिला. माझ्या हातान. तू मागं उभी होतीस, तुला कुठून दिसणार?"

हफीजानं घागर उतरवली. "मग हाय तो. जिवंत हाय," ती म्हणाली आणि तिथंच ओल्या जमिनीवर बसली.

तिला काय होत होतं ते ती कुणाला सांगू शकत नव्हती. पुढं म्हातारपणी तिनं माझ्या आईला सांगितलं म्हणून मला ठाऊक. कमाल जिवंत आहे हे ऐकल्यावर तिला आनंद व्हायच्या आधी नझीर आठवला होता. नझीर तिला आवडू लागला होता. तो ओटीवर आला की ती पडद्याआडून त्याचं खोकणं ओळखायची. आणि आता नवरा जिवंत आहे कळल्यावर आपल्याला वाईट वाटलं! हफीजाला वाटलं, आपल्यासारखी पापीण या दुनियेत नाही. या पापाचं काहीतरी केलं पाहिजे. सारंग जे सांगेल ते करायचं, आगीत उडी मार म्हणाला तरी मारायची.

आणि जुम्याला सकाळी सारंगानं सांगितलंच.

"इस्पितळाचा साहेब कमालला असा कुणाच्याही हाती देणार नाय," तो चहाची बशी खाली ठेवत म्हणाला. "मी बोललो त्याला, मी ह्याचा सारंग. तो बोल्ला, बायको आण. बायकोनं वळखायला हवा. आज दुपारची बोट मुंबईची. पाऊस तोंडावर आलाय, ह्यानंतर बोटी बंद. मुंबईला माझ्या बहिणीकडं राहू, तिथून झांजिबारची बोट."

"मी येतो बरोबर," फारुक म्हणाला.

"चल की! पण मग मा न् पोरगी एकट्या? आणि जागा तर दोघांचीच बोललोय मी. तू मागनं ये." मग तो पडद्याकडं वळला. "तिकिटाला, साहेबाच्या शिपायाला कायतरी लागेल. रोकड नसेल तर दागिने चालतील. आणि भिऊ नका. माझ्या लेकीसारखी नेतो."

पडद्याआडून हफीजाचा आवाज आला. "मी जाते."

खोटं बोलणारा माणूस ओटीवर बसून चार दिवस घावन खाईल आणि कमालच्या गोष्टी सांगेल, इथवर हमिदानं चालवून घेतलं होतं. तो घरातली सून घेऊन निघेल हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं. मुंबईत कसली बहीण आणि कसलं काय! हफीजा एकदा त्या बोटीवर चढली की परत दिसणार नव्हती.

तरी तिनं खरं सांगितलं नाही. आधी इतर सगळं करून पाहिलं.

"रझियाला ताप हाय," ती म्हणाली. रझिया अंगणात कैरी खात होती.

"मग पाऊस सरल्यावर जा. इतकी वर्षं राहिला, चार महिन्यांनी काय होतंय?" हमिदानं दुसरं निमित्त काढलं.

"मा!" फारुक ओरडला. "तुलाच नको का तो?"

"माझ्या छातीत दुखतंय," हमिदा म्हणाली आणि खांबाला धरून बसली. दुखत होतं ते खरंच होतं. शेजारची जनी धावत आली, तिनं तळव्यांना तेल चोळलं, लिंबाचं पाणी पाजलं. हफीजानं सासूचं डोकं मांडीवर घेतलं आणि कानाशी वाकून म्हणाली, "मा, मी त्यांना घेऊनच येते. तुमी काळजी करू नका." हमिदानं डोळे मिटून घेतले.

हफीजा उठून पेटी भरायला गेली. तिनं दागिन्यांची पुरचुंडी बांधली. लग्नातल्या पाटल्या, कानातलं, उद्याच्या संसारासाठी नझीरनं पाठवलेला चांदीचा छल्लासुद्धा. तो तिनं क्षणभर हातात धरला आणि पुरचुंडीत टाकला. बाहेर लोक जुम्याच्या नमाजावरून परतत होते. ज्या वेळी निकाह लागायचा त्या वेळी नवरीमुलगी बुरखा चढवून उंबऱ्याशी उभी होती आणि रझिया तिच्या कमरेला गच्च मिठी मारून भोकाड पसरत होती. फारुकनं पुरचुंडी सारंगाच्या हाती दिली. त्यानं ती पिशवीत टाकली. खाडीच्या तोंडाकडून बोटीचा भोंगा आला.

"चला," सारंग म्हणाला. "पडाव सुटेल."

हमिदा पडदा सारून ओटीवर आली. परक्या पुरुषांपुढं ती आयुष्यात कधी उघड्या तोंडानं आली नव्हती. डोक्यावरची ओढणी खांद्यावर घसरली होती आणि तिचं तिकडं लक्ष नव्हतं.

"हफीजा, माघारी फिर. हा इसाक सारंग नाय."

"मा, आत जा," फारुक म्हणाला. "तुझी तब्येत..."

"तब्येतीला काय धाड भरलीय माझ्या! रुमाल नव्हता रे. हिरवा नाय, पिवळा नाय, कसलाच नाय. मी गाण्यात घातला तो. कमालशी जुळवायला घातला. ह्या माणसान माझा गाणा मलाच आणून सांगितलान."

जनी तेलाची वाटी हातात धरून तशीच उभी. फारुक एकदा आईकडं बघे, एकदा पाहुण्याकडं.

पाहुणा पळाला नाही. त्यानं पिशवीतून पुरचुंडी काढली, पायरीवर ठेवली आणि हमिदाकडं बघून अगदी हळू आवाजात म्हणाला, "मा, तुमाला पहिल्याच रात्री कळला होता. पडद्याआड सगळ्या रडत होत्या, तुमचा आवाज नव्हता. मी तवाच निघणार होतो. सकाळी तुमी घावन पाठवलात. मला वाटला, तुमाला मी हवाय."

फारुकनं त्याची गचांडी धरली. दोन ठोसे मारले, तिसरा उगारला.

"सोड त्याला," हमिदा म्हणाली. "जाऊ दे. सोड म्हणते ना!"

त्याचं खरं नाव काय, कुठला, कुणाचा, काही कळलं नाही. पुढं एक दाढीवाला देवरुखाला कुठल्याशा नावाजलेल्या हकिमाच्या नावानं लोकांना औषधं देताना पकडला गेला असं ऐकलं. तोच की दुसरा, अल्ला जाणे. आमच्या दारातून तो ओठ पुसत गेला आणि एकदाही मागं वळला नाही.

हफीजानं बुरख्याचा पडदा वर केला.

"पहिल्या रात्रीपासून ठाऊक होता तुमाला."

हमिदानं घसरलेली ओढणी डोक्यावर ओढली.

"मी विचारला तवा तुमी बोललात, माझ्या हातान दिला. मला त्याच्यासंगती पाठवत होतात."

"नाय पाठवला ना गो."

"पाठवत होतात! पेटी भरताना बघत होतात मला!"

फारुक मध्ये पडायला गेला. "भाबी, मा घाबरली..."

"तुमी बोलू नका, फारुकभाय. पुरचुंडी तुमी दिलीत त्याच्या हातात."

फारुक मागं सरला. हमिदा पायरीवर बसली.

"दोन दिवस माझा कमाल जेवत होता गो," ती म्हणाली. "झोपत होता. कूस बदलत होता. मला ठाऊक होता, खोटा हाय. तरी होता. आता नाय. मेला माझा कमाल. पाण्यात मेला, हफीजा. केव्हाच मेला."

हे तिनं त्याआधी कधी म्हटलं नव्हतं, आणि या घरात कुणाला म्हणूही दिलं नव्हतं. विधवेचे दिवस हफीजानं काझींच्या सांगण्यावरून मुकाट्यानं काढले होते, सासूसमोर डोळ्यांत पाणी आलं तर धुराचं निमित्त करून. आता ती उंबऱ्यातच मटकन बसली आणि तिनं जो टाहो फोडला तो खाडीपलीकडच्या भाट्यात ऐकू गेला म्हणतात. "कमाल" म्हणून, नवऱ्याचं नाव घेऊन रडली ती. माझ्या आईनं त्या दिवशी आपल्या आईच्या तोंडून बापाचं नाव पहिल्यांदा ऐकलं.

मोहल्ल्यातल्या बाया आल्या. कुणी काही विचारलं नाही. मयत झालेल्या घरात येतात तशा आल्या, चटया पसरल्या, रझियाला कुशीत घेतलं. चूल कुणी पेटवू दिली नाही. शेजारघरांतून डाळभात आला, जनीनं पेजेचं भांडं आणलं. लग्नासाठी वळलेल्या शेवया कुणीतरी झाकून माळ्यावर ठेवल्या. हफीजा सासूकडं पाठ करून बसली होती. बऱ्याच वेळानं हमिदा तिच्या चटईच्या कडेला येऊन टेकली. हफीजा बोलली नाही, पण जराशी सरकली.

नझीर आला तेव्हा उन्हं कलली होती. बंदरावर त्याला सगळं कळलं होतं. पाहुणा त्याच्याच पडावातून बोटीवर गेला होता. नझीर ओटीवर पुरुषांत बसला नाही. पडद्याशी येऊन उभा राहिला आणि खाकरला.

"खाला, मौलवींना सांगून आलो. फातिहा पढायला येतायत." मग तो अडखळला. "ते विचारत होते, मयतीचा चाळिसावा दिवस कवापासून धरायचा? बोट बुडाली तो दिवस आपल्याला ठाऊक नाय."

हमिदानं काहीतरी बोलायला तोंड उघडलं आणि सुनेकडं पाहिलं.

नझीरशी हफीजा तोवर एक शब्दही बोलली नव्हती. रीतच नव्हती तशी. रडून तिचा घसा बसला होता, तरी पडद्यापलीकडं स्पष्ट ऐकू गेलं.

"आजपासून धरा," ती म्हणाली.

"बरं," नझीर म्हणाला, आणि बाहेर जाऊन फारुकच्या शेजारी बसला.